कोल्हापुरात टिपलेले कोल्हापुरातही दाखवले जावे

प्रति,
कोल्हापूर शहर व जिल्ह्यात चित्रीकरणास परवानगी देणारे सर्व अधिकारी, देवस्थानांचे व्यवस्थापक आणि तालमींचे विश्वस्त यांस,

विषय : माहितीपटांच्या चित्रीकरणास परवानगी देताना घालावयाच्या अटींबाबत

सविनय नमस्कार.

बाहेरगावाहून आणि परदेशातून माहितीपटासाठी कोल्हापुरात येणाऱ्या पथकांची स्थानिक व्यवस्था पाहणे हा माझा व्यवसाय आहे. अर्ज लिहिणे, तारखा मिळवणे, गाड्या ठरवणे, वस्तादांशी किंवा पुजाऱ्यांशी आधी बोलून ठेवणे आणि चित्रीकरणाच्या वेळी दुभाष्याचे काम करणे, असे त्याचे स्वरूप असते. अशा अर्जांत माणसे किती, गाड्या किती, ड्रोन उडणार का, रस्ता किती वेळ अडणार आणि अनामत किती भरायची, हे सारे लिहावे लागते आणि ते लिहायलाच हवे. मात्र जे टिपले जाणार आहे त्याचे पुढे काय होणार, ते कोणत्या निवेदनासह कोणापुढे दाखवले जाणार आणि ज्यांचे चेहरे त्यात आहेत त्यांना ते कधी पाहायला मिळणार की नाही, हे विचारण्याची पद्धत आपल्याकडे अजून पडलेली नाही. ती पडावी, एवढ्यासाठी हे पत्र आहे.

कोल्हापूर कधीही न पाहिलेल्या माणसाच्या मनात कोल्हापूर म्हणून जे काही उभे राहते, ते बहुतेक वेळा चार-पाच मिनिटांच्या दृश्यांवर उभे असते. वाचलेल्या मजकुरावर माणूस शंका घेतो, पण पाहिलेल्या गोष्टीची तो साक्ष देतो. आपण स्वतः तिथे जाऊन आलो अशा खात्रीने तो पुढे बोलतो. म्हणून त्या चार-पाच मिनिटांत काय आले आणि काय गाळले गेले, याला आपण समजतो त्याहून फार मोठे महत्त्व आहे.

तालमीचेच उदाहरण घेतो, कारण बाहेरून येणाऱ्या जवळजवळ प्रत्येक पथकाला पहिल्यांदा तालमीत जायचे असते. हौद्यातली लाल माती, कौलांतून उतरणारा उन्हाचा कवडसा, लंगोट लावलेली पोरे, हनुमानाची तसबीर आणि कोपऱ्यातल्या गदा ही दृश्ये त्यांना हवी असतात, आणि ती सुंदर आहेत हे मीही मान्य करतो. परंतु कॅमेरा लावण्यापूर्वी काय घडते ते आपल्याला कळायला हवे. शेजारच्या हॉलमध्ये अंथरलेली मॅट चौकटीत येणार नाही अशी काळजी घेतली जाते, ट्यूबलाइट मालवल्या जातात, चार्जिंगला लावलेले मोबाइल उचलले जातात आणि टी-शर्ट घातलेल्या पोरांना बाजूला व्हायला सांगितले जाते. ज्या पोराचा डाव टिपला जातो, तो पोलिस भरतीची तयारी करतो, आपल्या प्रतिस्पर्ध्याच्या कुस्त्या मोबाइलवर पुन्हा पुन्हा लावून पाहतो आणि राष्ट्रीय स्पर्धेसाठी मॅटवर सराव करतो, यातले काहीही पडद्यावर येत नाही. पडद्यावर येतो तो शेकडो वर्षे न बदललेला, काळाच्या बाहेर राहणारा एक पैलवान. यातले एकही दृश्य खोटे नसते. सगळी मिळून जे सांगतात ते मात्र खरे उरत नाही.

ही रीत माहितीपटाइतकीच जुनी आहे. रॉबर्ट फ्लाहर्टी यांचा १९२२ चा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ हा जगातल्या पहिल्या मोठ्या माहितीपटांपैकी एक मानला जातो. कॅनडाच्या उत्तरेकडील इन्युइट लोकांवरच्या या चित्रपटातल्या नायकाचे खरे नाव अल्लाकारिअल्लाक होते आणि पडद्यावर त्याची पत्नी म्हणून दिसणारी स्त्री त्याची पत्नी नव्हती. त्या काळी इन्युइट लोक बंदुकीने शिकार करू लागले होते, तरी चित्रपटासाठी ते भाल्याने शिकार करताना दिसतात. बर्फाच्या घरात कॅमेऱ्यापुरता उजेड यावा म्हणून एक बाजू उघडी ठेवलेले घर मुद्दाम बांधले गेले. ग्रामोफोन पाहून थक्क झालेला नायक तबकडी चावून पाहतो, तो प्रसंगही कॅमेऱ्यासाठी रचलेला होता. फ्लाहर्टी त्या लोकांत राहिले होते, चित्रीकरणाच्या कामात त्यांनी त्याच लोकांची मदत घेतली होती आणि टिपलेली काही दृश्ये त्यांना तिथेच दाखवलीही होती. म्हणून त्यांना लबाड म्हणून मोकळे होणे मला पटत नाही. त्यांना लोप पावत असलेले एक जीवन जपून ठेवायचे होते. पण परिणाम असा झाला की यंत्र पाहून चकित होणारा भाबडा माणूस हीच इन्युइट लोकांची ओळख जगभरच्या प्रेक्षकांनी कित्येक दशके मनात धरून ठेवली. पुढे आयर्लंडजवळच्या अरान बेटांवर १९३४ च्या चित्रपटासाठी काम करताना याच दिग्दर्शकाने तिथल्या लोकांना महाकाय शार्कच्या शिकारीला पाठवले. ती शिकार तिथे पूर्वीच बंद पडली होती, त्यामुळे बेटकऱ्यांना ती चित्रपटासाठी नव्याने शिकावी लागली.

मॅट चौकटीबाहेर ठेवली जाते तेव्हा मला ती बंदूक आठवते. कोल्हापूरच्या कुस्तीचा आणि मॅटचा संबंध आजकालचा नाही. राजाराम कॉलेजचे विद्यार्थी खाशाबा जाधव १९४८ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये मॅटवर उतरले आणि सहावे आले. १९५२ मध्ये हेलसिंकीला त्यांनी कांस्यपदक मिळवले आणि ते स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक ठरले. त्यांच्या प्रवासखर्चासाठी कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले घर गहाण ठेवले होते, ही गोष्ट आपल्याकडे आजही अभिमानाने सांगितली जाते. मातीत घडलेला आणि मॅटवर जिंकलेला हा मल्ल, त्याच्यामागे उभा राहिलेला त्याचा शिक्षक, ही कोल्हापूरच्या कुस्तीची खरी गोष्ट आहे. आज मुरगूडसारख्या गावात मुली कुस्ती शिकतात, हीसुद्धा तिचीच पुढची गोष्ट आहे. ती चित्रित करायला आलेले पथक मला क्वचितच भेटले. तसेच नेमबाजीचे आहे. तेजस्विनी सावंत २०१० मध्ये जागतिक विजेती झाली, राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने २०२४ मध्ये पॅरिसला कांस्यपदक मिळवले, तरी आपल्या शूटिंग रेंजवर चित्रीकरणाला कोणी फारसे येत नाही, कारण शूटिंग रेंज जगात सगळीकडे सारखीच दिसते आणि ‘वेगळे’ शोधायला आलेल्या डोळ्यांना तिच्यात रस नसतो.

शब्दांच्या बाबतीत गाळणे याहून कठोर असते, आणि दुभाषा म्हणून मी ते जवळून पाहतो. एका वयोवृद्ध वस्तादांनी कॅमेऱ्यापुढे बराच वेळ दूध-बदामाचे वाढलेले भाव, उतारवयातल्या पैलवानांना मिळणारे तुटपुंजे मानधन आणि गुडघे गेल्यावर माणसाने पोट कसे भरावे, याविषयी तळमळीने सांगितले. शेवटी, निरोप घेताना, माती ही आमची आई आहे असे ते म्हणाले. तयार झालेल्या माहितीपटात तेवढे एकच वाक्य होते. तेही त्यांचा आवाज खाली दाबून वर निवेदकाच्या आवाजात ऐकू येत होते. त्यांनी मांडलेला हिशेब गेला आणि त्यांना न विचारताच त्यांचा एक साधू करून टाकला गेला. एखाद्या समाजाला व्यवहार कळतो, तो तक्रार करतो, स्वतःविषयी विचार करतो, हे पडद्यावरून पुसले गेले की बाहेरच्याला त्याच्याविषयी आदर वाटला तरी बरोबरी वाटत नाही.

जोतिबाच्या चैत्र यात्रेचेही तसेच होते. वाडी रत्नागिरीच्या डोंगरावरून ड्रोनने घेतलेली गुलालाची दृश्ये डोळ्यांचे पारणे फेडतात, पण तेवढ्या उंचीवरून मानाच्या सासनकाठ्या, म्हणजे देवाच्या उंच निशाणकाठ्या, कोणत्या गावच्या, त्या ठरलेल्या क्रमानेच का निघतात आणि ती काठी तोलत चालणाऱ्या माणसाच्या घरात हा मान किती पिढ्यांचा आहे, हे कसे दिसणार? खाली उरते ते निनावी, बेभान गर्दीचे चित्र. शिवाय अशी दृश्ये एका माहितीपटात वापरून संपत नाहीत. ती दृश्यसंग्रहांकडे जातात, तिथून विकली जातात आणि कोणाच्याही निवेदनाखाली लागतात. आपल्या डोंगरावरचा गुलाल होळी म्हणून दाखवलेला मी स्वतः पाहिला आहे. ज्या भाविकांनी तो उधळला त्यांना याचा पत्ताही नसतो.

चपलांविषयी थोडक्यात लिहितो. जून २०२५ मध्ये मिलानच्या फॅशन शोमध्ये प्राडा कंपनीने कोल्हापुरीसारख्या चपला दाखवल्या, त्यावर मोठी चर्चा झाली आणि पुढचे काही आठवडे आपल्या चप्पल लाइन या बाजारात कॅमेरेच कॅमेरे दिसत होते. त्यांनी कारागिराचे हात टिपले, हातोडी टिपली आणि दुकानात टांगलेल्या चपला टिपल्या. बाभळीची साल आणि हिरडा वापरून कातडी कमावणारी माणसे, घरी बसून वेण्या घालणाऱ्या आणि शिवण करणाऱ्या स्त्रिया, हे काम ज्यांच्या वाट्याला आले त्यांची जात आणि त्या जातीने सोसलेले, यांपैकी फार थोडे त्या दृश्यांत आले. २०१९ मध्ये मिळालेले भौगोलिक मानांकन कोल्हापूर, सांगली, सातारा आणि सोलापूर यांच्याबरोबर कर्नाटकातल्या बेळगाव, धारवाड, बागलकोट आणि विजापूर या चार जिल्ह्यांनाही आहे. मग अथणीचा कारागीर कोल्हापूरच्या माहितीपटात का दिसू नये, हा प्रश्न आपणही स्वतःला विचारला पाहिजे.

बाहेरचे आपल्याला चुकीचे पाहतात एवढेच म्हणून थांबणे न्याय्य होणार नाही, कारण दुसऱ्यांसाठी आपणही बाहेरचेच आहोत. आपल्या घरांत आफ्रिका माहीत आहे ती सिंह, दुष्काळ आणि भाले घेऊन नाचणारी माणसे यांच्या दृश्यांतून. नैरोबीतली कार्यालये, वाहतूककोंडी आणि विद्यापीठे यांची कल्पना आपल्या मुलांना नसते. अशा दृश्यांचा परिणाम काय होतो, याचा अभ्यासही झालेला आहे. मानववंशशास्त्रीय चित्रपट करणारे टिमथी ॲश यांनी १९७१ मध्ये व्हेनेझुएलातल्या यानोमामी लोकांच्या गावात एक भांडण टिपले आणि १९७५ मध्ये त्यावर ‘द ॲक्स फाइट’ हा अत्यंत प्रामाणिक चित्रपट केला. भांडणाचे कारण त्यांच्या पथकाला सुरुवातीला चुकीचे कळले होते. ती चूक न लपवता त्यांनी तेच दृश्य आधी अखंड, मग स्पष्टीकरणासह आणि शेवटी संकलित करून दाखवले. पुढे विल्टन मार्टिनेझ यांनी दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठात असे मानववंशशास्त्रीय चित्रपट पाहणाऱ्या विद्यार्थ्यांचा अभ्यास केला. हे चित्रपट पाहून अनेक विद्यार्थ्यांचे पूर्वग्रह दूर होण्याऐवजी पक्केच झाले, असे त्यांना आढळले. इतक्या काळजीने केलेल्या कामाची, वर्गात शिक्षक समजावून सांगत असताना ही गत होत असेल, तर जेवताना मोबाइलवर पाहिलेल्या चार मिनिटांकडून आपण कोणती अपेक्षा ठेवावी?

यावर उपाय म्हणजे दृश्यांवर बंदी नव्हे, हे मी आरंभीच्या विनंतीला जोडून ठामपणे सांगतो. फ्रेंच दिग्दर्शक लुई माल यांची भारतावरची माहितीपट मालिका १९७० मध्ये बीबीसीने दाखवली तेव्हा भारत सरकारने आक्षेप घेतला आणि बीबीसीचे दिल्लीतले कार्यालय बंद करायला लावले. चीनने १९७२ मध्ये इटालियन दिग्दर्शक मायकेलअँजेलो अँतोनिओनी यांना स्वतः बोलावून घेतले आणि १९७४ मध्ये त्यांच्याच माहितीपटाविरुद्ध देशभर मोहीम उघडली. नानजिंगचा पूल डळमळीत भासावा अशा कोनांतून टिपला, अशीही एक तक्रार होती. ज्या लोकांना त्या मोहिमेत ओढले गेले त्यांनी तो माहितीपट पाहिलेलाच नव्हता, आणि चीनमध्ये तो अधिकृतपणे दाखवला गेला थेट २००४ मध्ये. सरकारचा मान दुखावला म्हणून घेतलेला आक्षेप आणि ज्याचे जीवन टिपले त्याने घेतलेला आक्षेप या दोन अगदी वेगळ्या गोष्टी आहेत. पहिल्याला आपल्याकडे वाव बराच आहे. दुसऱ्यासाठी जागाच नाही.

ती जागा कशी करता येते, हे झाँ रूश या फ्रेंच दिग्दर्शकाने दाखवून दिले. नायजर नदीवरच्या पाणघोड्याच्या शिकारीवर त्यांनी १९५०च्या दशकाच्या सुरुवातीला एक चित्रपट केला, आणि काही वर्षांनी ते तो घेऊन आयोरू या त्याच गावात परत गेले. भिंतीवर चादर टांगून त्यांनी तो गावकऱ्यांना दाखवला. गावकऱ्यांनी तो पुन्हा पुन्हा लावायला सांगितला आणि मग एक चूक काढली. शिकारीच्या दृश्याला रूश यांनी तिथलेच, शिकाऱ्यांचे पारंपरिक संगीत जोडले होते. गावकरी म्हणाले की शिकारीच्या वेळी शांतता लागते, हे संगीत ऐकून पाणघोडा पळून जाईल. रूश यांनी ते ऐकले, आणि दृश्यावर वरून संगीत घालण्याविषयी त्यांचे मत त्या दिवसापासून बदलले. पॅरिसमधल्या कोणत्याही समीक्षकाला ही चूक सापडली नसती.

मला खात्री आहे की आपल्या तालमीत माहितीपटाचा असा एक खेळ झाला, तर पहिल्या मिनिटाला वस्ताद हेच सांगतील. सरावाच्या दृश्यांना लोक सतार लावतात, बासरी लावतात, आणि थोडे अधिक माहीतगार असले तर हलगी लावतात. हलगी मैदानात कडाडते. खासबाग मैदानात कुस्ती रंगात आली की तिच्या ठेक्याने अंगावर काटा येतो. पण पहाटेच्या सरावाला हलगी नसते. तिथे पाठीवर पडणाऱ्या थापा, मातीत अंग पडल्याचा आवाज, धापा आणि वस्तादांचा एखादाच दरडावणीचा शब्द ऐकू येतो. हा फरक ज्याला कळला त्याला कोल्हापूरची कुस्ती थोडीफार कळली, आणि तो फरक सांगणारी माणसे इथे आहेत. त्यांना विचारले पाहिजे एवढेच. आपल्याच राज्यात आनंद पटवर्धन यांनी ‘जय भीम कॉम्रेड’ हा माहितीपट मुंबईतल्या ज्या वस्त्यांचा तो आहे, त्यांच्यात नेऊन दाखवला. म्हणजे हे अशक्य नाही.

म्हणून माझी मागणी अशी आहे. परवानगी देताना प्रत्येक पथकाकडून लिहून घ्यावे की माहितीपट पूर्ण झाल्यावर ठरावीक मुदतीत त्याचा एक खेळ, मराठी निवेदन किंवा मराठी उपशीर्षकांसह, ज्यांचे चित्रण झाले त्यांच्यासाठी कोल्हापुरात विनामूल्य केला जाईल. त्या वेळी लोक जे बोलतील ते नोंदवून घ्यावे आणि माहितीपटाच्या एका प्रतीसह ते करवीर नगर वाचन मंदिर किंवा शिवाजी विद्यापीठाचे ग्रंथालय यांसारख्या ठिकाणी कायमचे ठेवावे, म्हणजे पुढच्या पथकाला येण्यापूर्वी ते पाहता येईल. कोणते दृश्य कुठे, कोणत्या तारखेला आणि कोणत्या प्रसंगी टिपले आणि त्यातले काय कॅमेऱ्यासाठी मुद्दाम मांडले, याची टिपण त्या प्रतीबरोबर असावी. दृश्ये पुढे विकली गेली तर ही टिपणही त्यांच्याबरोबर जावी. आणि कॅमेऱ्यापुढे उभ्या राहणाऱ्या प्रत्येकाला, सही घेण्याआधी, तो कशाला संमती देतो आहे हे सांगणारा मराठीतला एक कागद मिळावा. आज अनेकदा इंग्रजी कागदावर सही घेतली जाते आणि त्यात काय लिहिले आहे ते उभ्याउभ्या मी सांगायचे असते. हे योग्य नाही.

लोकांनी चूक दाखवली तरी दिग्दर्शकाने ती दुरुस्त केलीच पाहिजे अशी सक्ती मी मागत नाही, आणि दृश्य कापण्याचा अधिकार आपल्यापैकी कोणालाही मिळू नये, असेच माझे मत आहे. अन्यायाचा शोध घेणाऱ्या माहितीपटांना तर सरसकट ही अट लावताच येणार नाही. सौंदत्तीच्या वाटेवरच्या गावांतली एखादी स्त्री देवदासी म्हणून वाट्याला आलेले आयुष्य कॅमेऱ्यापुढे उघड करते, तेव्हा तो माहितीपट तिच्याच गावात लावणे म्हणजे तिला संकटात टाकणे होऊ शकते. तिथे खेळ व्हावा की नाही, कुठे व्हावा आणि कोणापुढे, हे तिनेच ठरवावे. विद्यार्थ्यांच्या लहान पथकांवर खर्चाचा बोजा पडेल, असाही आक्षेप येईल. त्यांच्यासाठी खेळाचा खर्च माफ करता येईल, कारण सभागृहे आपल्याच हाती आहेत.

भारतीय माणसाने कॅमेरा हाती घेतल्यावर अगदी सुरुवातीला जे टिपले त्यात कुस्ती होती. सावेदादा भाटवडेकरांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये ती चित्रित केली. आपल्या शहरात बाबूराव पेंटर यांनी स्वतः कॅमेरा तयार केला, १९२० मध्ये ‘सैरंध्री’ आणि १९२५ मध्ये सावकारीखाली पिचलेल्या शेतकऱ्याचे दुःख मांडणारा ‘सावकारी पाश’ केला. १९२९ मध्ये ‘प्रभात’ ही चित्रपट कंपनीही इथेच सुरू झाली. कॅमेऱ्यामागे उभे राहणे म्हणजे काय, हे ज्या गावाला शंभर वर्षांपासून ठाऊक आहे, त्या गावाने कॅमेऱ्यापुढे उभ्या राहणाऱ्यांचा हक्क लिहून काढण्यात पुढाकार घेतला तर इतर जिल्ह्यांनाही नमुना मिळेल.

वर लिहिलेल्या अटींचा मसुदा आणि संमतीपत्राचा मराठी नमुना मी तयार केला आहे. दोन्हींत दुरुस्त्या लागतील. विशेषतः देवस्थानांच्या आवारातील चित्रीकरणाचे नियम वेगळे असल्याने तो भाग व्यवस्थापकांनी स्वतः तपासून द्यावा. चैत्र यात्रेच्या चित्रीकरणाचे अर्ज येऊ लागण्यापूर्वी आपण सर्वांनी एक बैठक बोलवावी आणि तिला दोन-तीन वस्ताद, सासनकाठीचे मानकरी आणि चप्पल कारागीर स्त्रिया यांनाही बोलावावे. पहिला खेळ शाहू स्मारक भवनात करता येईल, किंवा एखाद्या तालमीच्या आवारातही चालेल. पडदा आणि प्रोजेक्टर यांची जबाबदारी मी घेतो.

आपला नम्र,
चित्रीकरण पथकांचा एक स्थानिक समन्वयक,
कोल्हापूर